हिरव्या ठिपक्यांचा माग

"झाकण काढलं की तोंड बंद. पंधरा मिनिटं कोणी शिंकायचंसुद्धा नाही," शंकीने दटावलं. तिच्या जुळ्या मावसभावांनी, म्हणजे जोडगोळीने, माना डोलावल्या.

सतत शंका काढते म्हणून तिचं नाव शंकी. सुट्टीत ती मावशीकडे आली होती. मावशी इस्पितळाच्या प्रयोगशाळेत होती. पेशंटच्या घशातले जंतू बशांमध्ये, जेलीसारख्या आगरावर वाढवायचे आणि ते कोणत्या औषधाने मरतात ते पाहायचं, हे तिचं काम. पण आठवडाभर प्रत्येक बशीत हिरवी बुरशी माजत होती. रिपोर्ट अडले होते, वॉर्डातली मुलं तापाने फणफणली होती. प्रमुखांनी सगळं खापर मावशीवर फोडलं होतं. सोमवारपासून तिला कागद लावायला बसवणार होते.

मावशीला घास गोड लागेना. शंकीला ते बघवेना. बुरशी हातातून येते की हवेतून, हे आधी शोधायला हवं, असं तिने मावशीला पटवलं. बशांत आगर भरायच्या खोलीत जंतूंचं काम चालत नसे. तिथे सहा ठिकाणी सहा बशा उघड्या ठेवायची परवानगी मिळाली. वेळ संपताच मुलांनी झाकणं चिकटपट्टीने बंद केली आणि प्रत्येक बशीच्या बुडाला जागा लिहिली.

तिसऱ्या दिवशी पाच बशांत एखाददुसरा ठिपका होता. एसीच्या झडपेखालच्या बशीत एक्केचाळीस!

प्रमुखांनी बशा निरखल्या आणि एसीवाल्याला बोलावलं. हवा गाळणारी जाळी गेल्याच महिन्यात बदलली, वहीत सही आहे, असं तो ठासून म्हणाला.

"काका, मग वर नवी जाळी असेल ना?" शंकीने साळसूदपणे विचारलं. "बघू या?"

स्टूल डुगडुगतं, असं तो पुटपुटला. तोवर जोडगोळीने स्टूल दोन्हीकडून घट्ट धरलं होतं. प्रमुख स्वतःच चढले. जाळी बाहेर आली ती ओलसर, हिरव्याकाळ्या थराने माखलेली. एसीवाल्याची मान खाली गेली. नवी जाळी जिन्याखाली खोक्यातच पडून होती.

ती बसवली, खोली धुतली. दोन दिवसांनी नव्या बशांत फक्त घशातले जंतू होते.

"तपासायच्या आधीच मी बोट दाखवलं. माझं चुकलं," प्रमुख सगळ्यांसमोर मावशीला म्हणाले. "आणि या तिघांनी बोट न दाखवता तपासलं. शाबास!"

मावशीने पहिल्या रिपोर्टवर सही केली आणि कागद शंकीच्या हातात दिला. "वॉर्डात तूच देऊन ये. वाट बघताहेत."

इस्पितळात पळायचं नसतं, हे शंकीला ठाऊक होतं. तरी ती पळाली.