हिनानुईला घेऊन चिखलातून

यामिनीला डच किनाऱ्यासमोरच्या त्या बेटावरून दोनच गोष्टी न्यायच्या होत्या: पाटाएवढी चपटी लाकडी पेटी आणि थाळीएवढा पत्र्याचा डबा. दोन्हींत शंभरेक वर्षांपूर्वीचा एक मूक माहितीपट. पॉलिनेशियातल्या बेटाचं म्हणे खरं जीवन! कसलं खरं? गोऱ्या साहेबाने चांगल्या कपड्यांतल्या माणसांना कपडे उतरवायला लावले, ‘रानटी’ नाच करून घेतला आणि नाव एकाचंही दिलं नाही. पेटीत तो नाच होता. संग्रहालयाला तोच हवा होता. तो नेला की यामिनीची नोकरी पक्की. डब्यातलं मात्र कुणाच्या गावीही नव्हतं. त्यात हिनानुई नावाची बाई कपडे चढवून तरातरा येते, साहेबाला कॅमेऱ्यामागून बाजूला सारते, आणि पुढच्या दृश्यात कॅमेऱ्यासमोर साहेबच, टोपी सावरत!

असली जुनी फिल्म भडकन पेट घेते, म्हणून बोटवाल्याने हात जोडले. ती न्यायच्या खास परवान्याची वाट बघावी, तर फिल्म विरघळत चाललेली. उरली ओहोटी. ओहोटीला वाडन समुद्राचा तळ उघडा पडतो आणि चिखल तुडवत किनारा गाठता येतो. वाटाड्या होता यामिनीचा धाकटा भाऊ धम्मपाल. एरवी झूटरमेर शहरातला आयटीवाला, पण या चिखलातल्या वाटाड्यांची परीक्षा पास झालेला. सोबत तिआरे, डबा तिच्या पाठीवर. हिनानुई तिची पणजी.

“मऊ चिखलात थांबायचं नाही,” काठी रोवत धम्मपाल म्हणाला. “ताई, तुला सांगतोय.”

“चपला जागेवर ठेवायला शीक आधी!”

चहूकडे राखाडी चकाकी, शिंपल्यांचा कुरकुर आवाज, दूर वाळूच्या उंचवट्यावर लोळणारे सील, आणि त्या सगळ्यावर हळूहळू उतरणारं धुकं. मग वारा फिरला. ओहळ भरू लागले! चिखल पोटरीवरून गुडघ्यावर आला.

तेवढ्यात यामिनीला तिआरेच्या पाठीवरचा डबा कलंडलेला दिसला. फिल्म आडवीच राहिली पाहिजे! फिल्म जपायची वर्षानुवर्षांची सवय, तोंडातून निघून गेलं, “थांब!”

तिआरे थांबली. आणि रुतली. मांडीपर्यंत!

“काय केलंस, ताई!” धम्मपाल आडवा झाला, काठी पुढे सरकवली. तिआरेने ओढून पाहिलं. पाय हलेना. पाणी कमरेशी आलं.

“टेकायला काहीतरी हवं! फळी, काहीही!”

यामिनीच्या पाठीवर पेटी होती. तिचं नाव, तिची नोकरी, सगळं त्या पेटीत. तिने पट्टे सोडले.

“तो नाच आहे!” तिआरे ओरडली.

“माहितीये! गुडघा ठेव त्याच्यावर!”

पेटी चिखलावर आपटली. तिआरेने गुडघा टेकला. पेटी खचली, करकरली. धम्मपालने खेचलं, यामिनीने खेचलं. एक पाय सुटला! दुसरा! पेटी गिळली गेली. मग तिघं पळाली, छातीभर पाण्याचा ओहळ ओलांडताना डबा डोक्यांच्या वर, सहा हातांवर, अगदी आडवा!

किनाऱ्याच्या बांधावर चरणाऱ्या मेंढ्यांत तिघं कोसळली. थोड्या वेळाने फोन वाजला. संग्रहालयाचे साहेब.

“नाच मिळाला?”

“बुडाला. मी बुडवला.”

“मग आणलंत काय?”

यामिनीने तिआरेकडे पाहिलं. चिखलाने माखलेली तिआरे ताठ उभी राहिली, फोन घेतला आणि एकेक अक्षर सुटं करून म्हणाली, “लिहून घ्या. कॅमेरा: हिनानुई.”