मागावरच्या गाठी

"साहेब, साडी गेली! मागावरून कापून नेली!" निरोप घेऊन आलेला पोऱ्या चौकीच्या दारातून ओरडला.

फौजदार मधुकररावांनी चहा तसाच ठेवला आणि इतवारी बाजारपेठ गाठली. बाबनराव वस्त्रालयाचे मालक महादेवराव गादीवर बसले होते. साहेब दारात आले तरी उठले नाहीत.

"कंबर धरली, साहेब. माफ करा."

दुकानामागेच कारखाना, त्यात वडिलांच्या काळातले सात हातमाग. कामठीचं यंत्रमागाचं कापड स्वस्त पडायला लागल्यापासून महादेवराव माग बंद करायच्या गोष्टी करत होते. मागावर विणणारी कोष्टी मंडळी हातापाया पडली, तेव्हा कुठे त्यांनी सगळ्यांसमोर शब्द दिला. त्यांच्यातल्या भागीरथाबाईंची साडी सरकारी प्रदर्शनात निवडली गेली, तर माग राहतील. सात घरांच्या चुली त्या एका साडीवर होत्या, आणि तीच गेली!

"विणकर कुठे होते?"

"दोन दिवसांपासून उमरेडले, लग्नात. मीही गेलो होतो, पण गिऱ्हाईक येणार होतं म्हणून पहिल्याच दिवशी परतलो."

"कारखान्याच्या किल्ल्या?"

"एक माझ्यापाशी. एक चंद्रभानपाशी."

कुलूप शाबूत होतं. मग काय, चंद्रभान! कुणब्याघरचा माणूस, दुकानात गजानं कापड मोजून द्यायचा. मधुकररावांनी त्याला कोठडीत टाकलं, दोन लगावल्याही. तो एकच म्हणत राहिला, "मले काही मालूम नाही, साहेब." चोर दुसरं काय म्हणणार?

पण पोळी काही गोड लागेना. चंद्रभानच्या गालावरची पाच बोटं डोळ्यांपुढून हलेनात. दुपारी ते पुन्हा कारखान्यात गेले.

भागीरथाबाई उमरेडहून नुकत्याच परतल्या होत्या. साठीची बाई, पण डोळा सुईसारखा. त्या रडत नव्हत्या. रिकाम्या मागापुढे वाकून काहीतरी मोजत होत्या.

"साहेब, चंद्रभानले काहून धरलं?"

"किल्ली त्याच्याकडे होती."

"अन् हे पाह्यलं का?"

कापड कापलं होतं, पण मागाच्या फणीतून आलेले ताण्याचे उभे तार वीतभर राखले होते. वर जुड्याजुड्यांनी त्यांना गाठी मारल्या होत्या.

"गाठी नसत्या तर तार फणीतून निसटले असते. सारा ताणा पुन्हा भरा लागला असता, आठ-आठ दिवस. म्हणून आम्ही कापड उतरवताना गाठी मारतो. लहानपणीच हाताले वळण लागते."

"चंद्रभानला येतं हे?"

"त्याले? त्याले धोतराची गाठ धड येत नाही!"

मधुकरराव मागाच्या फळीवर बसले. सकाळी ते याच मागासमोर उभे होते. पाहिलं फक्त कुलूप.

"म्हणजे चोर कोष्टी आहे. पण कोष्टी तर सगळे उमरेडला..."

भागीरथाबाईंनी मान खाली घातली.

"एक परतला होता, साहेब. त्याले लोक आता शेठ म्हणतात. या मागावर मीच बसवलं होतं त्याले, नऊ वर्षांचा होता तेव्हा."

महादेवराव अजूनही गादीवरच होते. सकाळचा चहा बाजूला तसाच पडला होता.

"उठा," मधुकरराव म्हणाले.

"कंबर, साहेब..."

"महादेव," भागीरथाबाई हळूच म्हणाल्या, "ऊठ गा."

ते उठले. मधुकररावांनी गादी उचलली. खाली नीट घडी घातलेली साडी होती, लाल काठाची.

"माग काढून जागा द्यायची यंत्रमागवाल्याशी बोलणी झाली होती, काकू," महादेवराव म्हणाले. "त्याचा पैसाही घेऊन बसलो. साडी निवडली गेली असती तर शब्द पाळा लागला असता. जाळाले नेली होती. नाही जाळवली."

"अन् गाठी काहून मारल्या?"

"मालूम नाही. हातानं मारल्या. मागावरच्या तारांचा जीव जाईन, असं वाटलं."

"तारांची दया आली तुले. अन् चंद्रभानची?"

"मी त्याचं नाव नव्हतं घेतलं..."

"किल्ली सांगितलीत," मधुकरराव म्हणाले. "पुढचं मी केलं." एरवी त्यांचा आवाज अख्ख्या चौकीला ऐकू जायचा. आता तो गादीपलीकडेही पोचला नसता.

कोठडी उघडली तेव्हा चंद्रभान भिंतीला टेकून बसला होता. गाल सुजला होता. महादेवराव त्याच्या पायाशी वाकले, तसे त्याने पाय मागे घेतले. मग महादेवरावांनीच त्याला सगळं सांगितलं.

"शेठ, तुमचं समजलं मले," तो म्हणाला. मग त्याने मधुकररावांकडे पाहिलं. "साहेब, तो माग तर सकाळपासून तिथंच होता न?"

मधुकररावांनी खाली पडलेली त्याची टोपी उचलली, झटकली आणि दोन्ही हातांनी पुढे केली.

चंद्रभानने ती घेतली नाही. तो बोडक्यानेच घराकडे निघाला.