खालच्या माणसाची ओ

त्या दिवशी उत्तरेचा कोरडा वारा सकाळपासून सुटला होता. वाळवंटाची धूळ घेऊन येतो तो. भर दुपारी सूर्य मळक्या पितळी ताटलीसारखा दिसत होता, ओठ फुटत होते, दोरीवरचं कापड हातात घेतलं तर कडकड वाजत होतं. कोकोच्या बिया मात्र अशा वाऱ्यात छान वाळतात, म्हणून गावात कुणी कुरकुर केली नाही. रात्री थंडी पडायची. अंगाला राख फासल्यासारखी कोरडी थंडी.

डिसेंबरातला तिसरा गुरुवार होता तो. तारीख एकोणीस. ओफेईनं मला सगळं या बाकावर बसून सांगितलं, जिथं आता तू बसलायस ना पोरा, तिथंच. ओफेई माझा भाचा, सख्ख्या बहिणीचा थोरला. खोटं बोलायला लागणारी हुशारी त्याच्याकडे नाही, हे तुम्हालाही माहीत आहे.

त्याचा धाकटा भाऊ लार्बी. आत्ता तुम्ही त्याला बघता तसा तो तेव्हा नव्हता. मयतीला गाणं धरायला पलीकडच्या डोंगरावरून लोक त्याला न्यायला यायचे. त्याचा आवाज लागला की रडू न येणाऱ्यालाही रडू यायचं. आणि गाणं नसेल तेव्हा तोंडाचा पट्टा चालू.

तर त्या रात्री अकराच्या सुमाराला ओफेईचा फोन वाजला.

“दादा, तुझ्या गाडीनं मान टाकली.”

“माझ्या? चालवतोस तू.”

“चालते तेव्हा माझी, मोडली की तुझी. तूच म्हणतोस.”

“कुठं आहेस?”

“उताराच्या पायथ्याशी, वळणावर. मागचा आस गेला. मिस्त्री सकाळी येतो म्हणाला. मी गाडीखाली पोती अंथरलीत, वारा लागत नाही. पण पोटात काही नाही, दादा. वहिनीला सांग, मासा मोठा दे. मागच्या वेळी शेपटी दिली होती.”

“शेपटीच मिळेल. आणि गात बसू नकोस, लोक झोपलेत.”

“गातो म्हणजे कळेल ना तुला, मी जिवंत आहे ते.”

गाडीत साठ पोती कोको होता. ती सोडून येणं शक्य नव्हतं. ओफेईनं बायकोकडून आंबवलेल्या मक्याच्या केंकीचे दोन गोळे आणि तळलेला मासा पानात बांधून घेतला, खांद्यावर घोंगडी टाकली आणि चालत निघाला. अर्ध्या तासाची तर वाट.

आता त्या उताराचं तुम्हाला सांगतो. तुम्ही त्यावरून मोटारसायकली उडवता, पण तो रस्ता माणसांसाठी झालाच नव्हता. तो पिंपांसाठी झाला.

माझे आजोबा पिंप ढकलणारे होते. तेव्हा इकडे रेल्वे नव्हती, मोटार कुणी पाहिली नव्हती. गोऱ्यांच्या मुलखाला कोको हवा होता, आणि बंदर इथून तीन दिवसांच्या वाटेवर. डोक्यावरून किती नेणार? मग बंदरावरच्या वखारीतून मोठाली लाकडी पिंपं यायची, लोखंडी पट्ट्यांची. त्यात कोको ठासून भरायचा, पिंप आडवं करायचं आणि ढकलत न्यायचं. एकेक पिंप आठ-नऊ माणसांच्या वजनाचं. त्यासाठीच डोंगर फोडून रस्ता काढला. फोडला आमच्याच लोकांनी. आजोबा म्हणायचे, चढावर फक्त दम जातो. भीती उताराची.

म्हणून त्या उताराची एक रीत होती. पायथ्याच्या वळणावर मातीचा ढीग रचलेला असायचा. सोडलेलं पिंप त्या ढिगावर जाऊन अडायचं. सोडण्याआधी वरून तीन हाका घालायच्या, “खाली कोण?” खाली जो असेल त्यानं ओ द्यायची, “माणूस आहे.” मग वरचे लोक थांबायचे. तीन हाकांना ओ आली नाही, तर वाट रिकामी. मग पिंप धरून ठेवलेले दोर सोडायचे.

एकदा असाच डिसेंबर होता. जहाज तिसऱ्या दिवशी सकाळी सुटणार होतं आणि उशिरा आलेला माल वखार घेत नसे. म्हणून हे लोक रात्रीही चालत राहिले. आमोआ म्हणून त्यांच्यातलाच एक जण ढीग नीट करायला पुढं गेला होता. वरच्यांना वाटलं, एवढ्यात बाजूला झाला असेल. त्यांनी हाका घातल्या. एक. दोन. तीन.

आमोआ तिथंच होता. पण रात्र होती. आणि आपल्या घरात काय शिकवतात? अंधारात ज्याचं तोंड दिसत नाही, त्याच्या हाकेला ओ द्यायची नाही. आईनं शिकवलेलं तो विसरला नाही. गप्प राहिला.

तिसरी हाक माझ्या आजोबांनी घातली होती.

जहाज मिळालं. कोको पोचला, आमोआ नाही. आजोबा पुन्हा त्या उतारानं उतरले नाहीत, लांबून ओढ्याकडून जायचे. ही गोष्ट मी ओफेईला त्याच्या लहानपणी सांगितली होती. लार्बीला नाही. तो ऐकून घेणाऱ्यातला नव्हता.

ओफेई उताराच्या तोंडाशी आला तेव्हा फोनमध्ये अकरा वाजून चाळीस मिनिटं झाली होती. चंद्र वर आला होता, पण धुळीत मेणासारखा. खालून लार्बीचं गाणं ऐकू येत होतं. त्याला बरं वाटलं. तो उतरू लागला.

अर्ध्यात आला, तेव्हा गाणं थांबलं. झोपला असेल, त्याच्या मनात आलं. मासा गार होणार.

मग वारा पडला. सकाळपासून सुटलेला वारा, एकदम पडला.

आणि मागून, वरून, कुणीतरी म्हणालं,

“खाली कोण?”

मोठ्यानं नाही. दमलेल्या माणसानं विचारावं तसं.

ओफेई उभा राहिला. मागं वळून पाहिलं नाही. हाक कसली आहे ते त्याला कळलं. मामा, मला कळलं, असंच म्हणाला तो मला. पण ओ कशी देणार? लहानपणी आईनं थोबाडीत देऊन शिकवलेलं. त्यानं ओठ मिटले. तोंडावर हात दाबून धरला.

“खाली कोण?”

रातकिडेही गप्प.

तो मोजत होता. आणखी एक. ती झाली की संपेल. ती झाली की…

“खाली… कोण?”

या वेळी आवाज रडवेला होता. ओ द्या, म्हणून विनवणारा.

ओफेई गप्प राहिला.

मग दोर सुटल्याचा आवाज झाला.

रस्ता डांबरी आहे. पण आवाज दगडांवरचा होता. लोखंड दगडावर. लाकूड. पुन्हा लोखंड. आधी हळू. मग भरभर. जमीन पायाखाली थरथरत होती. तो कडेच्या गवतात पडला. त्याच्या बाजूनं काहीतरी गेलं. दिसलं काहीच नाही. फक्त आंबलेल्या कोकोचा वास. आणि घामाचा.

ते पुढं गेलं, तेव्हा त्याला आठवलं.

खाली लार्बी होता. वळणावर. गाडीखाली.

ओरडायला तोंड उघडलं. आवाज फुटेना. तो धावला. पडला. उठला. पुढं ते गडगडत होतं… त्याच्यापेक्षा किती तरी पुढं…

“माणूस आहे!”

खालून आली ओ, लार्बीच्या आवाजात. सगळी दरी भरून. “माणूस आहे! थांबा! माणूस आहे!”

आणि सगळं थांबलं.

वारा पुन्हा सुटला.

ओफेई गाडीपाशी पोचला तेव्हा त्याचे गुडघे फुटले होते. लार्बी पोत्यांवर तोंड उघडं टाकून झोपला होता. छाती वरखाली होत होती. गाडीला ओरखडा नाही, रस्त्यावर काही नाही. ओफेईनं त्याला उठवलं नाही. घोंगडी त्याच्यावर घातली आणि उजाडेपर्यंत त्याचा पाय धरून बसून राहिला.

सकाळी लार्बीनं डोळे उघडले. पुडी बघितली, उघडली. शेपटी निघाली. तो हसला आणि नक्की काहीतरी खवचट बोलायला गेला.

आवाज आला नाही.

खाकरला. पाणी प्याला. पुन्हा प्रयत्न केला. नुसती हवा.

“रात्री तू ओरडलास का?” ओफेईनं विचारलं.

लार्बीनं मान हलवली. नाही. दोन्ही हात गालाखाली धरून दाखवलं, झोपलो होतो.

शहरातल्या डॉक्टरीणबाईंनी नळी घालून घसा बघितला. म्हणाल्या, कुठं काही सुजलं नाही, दुखापत नाही. फार ओरडलात का एवढ्यात? त्या शनिवारी एका मयतीला लार्बीनं गाणं धरायचं होतं. तो गेला, पुढं उभा राहिला, आणि लोक वाट बघत राहिले.

आता आठ महिने झाले.

ओफेई हे सगळं माझ्याआधी फक्त एकीला बोलला होता. समोरच्या अंगणातल्या येबोआ आजीला. ती शेंगा फोडत बसली होती. त्यानं तिला विचारलं, “आजी, मी काय चुकीचं केलं? रात्रीच्या हाकेला ओ द्यायची नाही, तुम्ही मोठ्यांनीच तर शिकवलंत.”

तिनं हातातली शेंग पूर्ण फोडली. दाणे सुपात टाकले. टरफलं झटकली.

“शिकवलं खरं,” ती म्हणाली. “पण त्या वाटेवर तुम्ही दोघं होतात, ओफेई. तोंड तू मिटलंस. आवाज त्याचा गेला.”