भूत 'आपण' म्हणालं तेव्हा

माझ्या निबंधातला सगळ्यात भयंकर परिच्छेद मी वाचत होते, आणि शेवटच्या रांगेतला एक माणूस फिस्सकन हसला.

परिसंवाद होता गॉथिक कादंबरीवर. म्हणजे पडके किल्ले, कडीबंद खोल्या, मेल्यावरही गप्प न बसणारी माणसं, असल्या कादंबऱ्यांवर. स्पॅनिशमधल्या अशाच एका जुन्या, फारशा कुणी न वाचलेल्या कादंबरीवर मी प्रबंध लिहीत होते. तिच्यातली विधवा मनोऱ्यात एकटी राहते. एका संध्याकाळी दारावर टकटक होते आणि बाहेरून तिचा मेलेला नवरा म्हणतो, 'फार उशीर केलास.' सभागृह कसं चिडीचूप झालं होतं! मी मुद्दाम आवाज खाली आणला होता... आणि नेमकं तेव्हाच ते हसू.

चहाच्या टेबलाशी मी त्याला गाठलंच. उंच, किडकिडीत, शर्टाच्या बाहीवर खडूची पांढरी रेघ.

"काय हसण्यासारखं होतं, कळेल का?"

"माफ करा." तो खरंच ओशाळला. "मी चुकून आलो होतो. व्याकरणाची कार्यशाळा शेजारच्या हॉलमध्ये होती. पण तुम्ही वाचायला लागलात आणि उठवेना."

"म्हणून हसलात?"

"मी त्या नवऱ्याला हसलो. तुम्ही मूळ स्पॅनिश वाचलंय?"

मी कप खाली ठेवला. मी वाचलं होतं ते इंग्रजी भाषांतर. मूळ पुस्तक शेजारी असायचं, अडलं तर बघायला... इतपतच.

"मुळात तो 'तू' म्हणतच नाही," तो म्हणाला. "स्पॅनिशमध्ये जवळच्या माणसाला 'तू'च म्हणतात, अगदी आपल्यासारखं. पण हा म्हणतो 'उस्तेद'. म्हणजे, आपण फार उशीर केलात! भूत, आणि एवढं अदबशीर? मला तर ते बँकेच्या काउंटरवर बसल्यासारखं वाटलं."

मला हसू आलं, पण ते टिकलं नाही. इंग्रजीत 'तू' आणि 'तुम्ही' दोन्हींना एकच शब्द. माझ्या भुताची अदब भाषांतरातच गळून पडली होती, आणि मी मात्र त्या एका वाक्यावर भीतीचे मजल्यावर मजले चढवले होते.

मॅडमना, म्हणजे माझ्या मार्गदर्शक बाईंना, हे सांगितलं तेव्हा त्यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला. हे लक्षण वाईट.

"प्रबंध द्यायची मुदत जवळ आलीय. ते प्रकरण नव्याने लिही, नाहीतर काढून टाक. आणि मूळ भाषेत वाच गं, बाई!"

म्हणून एका दुपारी मी त्याच्या वर्गाच्या दारात जाऊन उभी राहिले. तो भाषा विभागात स्पॅनिश शिकवायचा. भिंतीवर क्रियापदांचे तक्ते, एक खिडकी नीट न लागणारी. वारा आला की सगळे भूतकाळ फडफडायचे.

"मला ती कादंबरी तुमच्याबरोबर वाचायची आहे."

"अजून रागावलाय?"

"हो. पण वाचायची आहे."

त्याने खुर्चीवरची वह्यांची चळत उचलली आणि रुमालाने खुर्ची पुसली. जरा जास्तच वेळ पुसली.

मग दुपारी आमचं वाचन सुरू झालं. तो मोठ्याने वाचायचा. विधवेसाठी बारीक आवाज, पाद्र्यासाठी नाकातला. भूत आलं की खुर्ची मागे सारून उभाच राहायचा. मी अडखळत वाचलं की तो टेबलावर पेन्सिलीने हळूच ठेका धरायचा, आणि मी चुकले की ठेका थांबायचा.

"ही लेखिका भुतांची टिंगल करतेय," तो म्हणायचा. "सगळी कादंबरीच विनोदी आहे."

"मग वाचताना माझ्या अंगावर काटा का येतो?"

"खिडकी लागत नाही म्हणून."

"आणि मी रोज याच खुर्चीवर का बसते?"

"ते..." तो पुस्तकात बघत म्हणाला, "...ते मीही विचारणार होतो."

दोघंही मग उगीचच पुढचं पान वाचायला लागलो. ते आम्ही आधी वाचलेलं होतं, हे कुणीच बोललं नाही.

प्रकरण मात्र पुढे सरकत नव्हतं. नवऱ्याचं 'आपण' ऐकून विधवा हसते, इथपर्यंत ठीक. पण मग ती दार का उघडत नाही? ज्याच्यासाठी ती झुरते आहे तोच तर बाहेर उभा आहे. आणि तिचा कडीवरचा हात तसाच का राहतो?

उत्तर घरी मिळालं. आई कपडे शिवते. पुढच्या खोलीत तिचं मशीन, कापायचं टेबल, आणि त्या टेबलाच्या एका कोपऱ्यात माझ्या पुस्तकांचा संसार. त्या दिवशी बाबा एका ग्राहकाचं कापड चहाच्या कपाखाली ठेवून मोकळे झाले होते. आईने ते नुसतं पाहिलं. मशीनही थांबवलं नाही. जेवणाच्या वेळी फक्त म्हणाली, "आपण जेवून घ्यावं. आमची वाट बघू नये."

बाबांचा चेहरा पांढराफटक पडला. "अगं, ओरड की," ते काकुळतीने म्हणाले. "हे 'आपण' नको."

मी ताटावरून उठलेच. "आई! तेच! तेच ते!"

"काय तेच?" आई म्हणाली. "भुतांवर लिहिता लिहिता हिला लागलं वाटतं एखादं."

दुसऱ्या दिवशी मी धापा टाकत त्याच्या वर्गात शिरले.

"तो विनोद नाहीये! म्हणजे आहे, पण क्षणभरच. ती हसते कारण तिला ते विचित्र वाटतं. मग तिच्या लक्षात येतं, हा मला परकं समजतोय. मेलेला माणूस परत येतो ही भीती नाही हो. तो आपला राहिलेला नाही, ही भीती! म्हणून कडीवरचा हात थांबतो."

त्याने पुस्तक ओढून घेतलं. तोच उतारा पुन्हा वाचला, या वेळी आवाज न बदलता, सावकाश. वाचून झाल्यावर त्याने पुस्तक हळूच मिटलं. पेन्सिलही बाजूला ठेवली.

"मी हा उतारा इतकी वर्षं वर्गात हशा पिकवायला वाचतो," तो शेवटी म्हणाला. "जिंकलीस तू."

"काय म्हणालात?"

"जिंकलात... तुम्ही जिंकलात."

"आधी काय म्हणालात?"

त्याच्या कानाच्या पाळ्या लाल झाल्या. "जिंकलीस," तो पुटपुटला. "तू."

तो सगळा आठवडा मी अशी लिहीत सुटले की आई म्हणाली, या दुसऱ्या मशीनला तेल कोण घालतंय? प्रकरण झालं, प्रबंधही मुदतीत गेला. वाचायचं काही उरलं नव्हतं, तरी मी त्या खुर्चीवर जातच होते. 'अहो'चं 'अरे' कधी झालं ते मला कळलंही नाही. आईला मात्र कळलं असावं. फोन वाजला की ती म्हणायची, "बघ, तुझे उस्तेद."

आणि मग एका सकाळी विभागाच्या जिन्यात तो समोरून आला, थबकला, मान खाली घालून म्हणाला, "नमस्कार. आपला प्रबंध मिळाला. शुभेच्छा."

आणि खाली निघून गेला.

आपला?

मी कठड्याला धरून उभी राहिले. त्या विधवेबद्दल मी पानंच्या पानं लिहिली होती, पण तिला काय झालं असेल ते मला आत्ता कळत होतं. फरक एवढाच की मी तिच्यासारखी दाराआड थांबणारी नव्हते. मी धडाधड जिना उतरले.

"अरे थांब! मी काय केलं?"

तो वळला. चेहरा असा, की रात्रभर झोप नसावी. "तू काही नाही केलंस. माझं नाव तुझ्या तोंडी परीक्षेच्या समितीत घातलंय. काल कळलं. परीक्षकाने तुझ्याशी कसं बोलायचं तेच सुचेना... घाबरलो."

"मग आता?"

"नाव काढून घ्यायला कार्यालयात गेलो होतो. तिथल्या बाई म्हणाल्या, कारण सांगा. म्हटलं, विद्यार्थिनीशी जवळचे संबंध आहेत. तर म्हणाल्या, नातं काय?"

"तू काय सांगितलंस?"

"म्हटलं... अजून तिला विचारलेलं नाही." त्याने घसा खाकरला. "त्या म्हणाल्या, मग विचारून या. खिडकी बंद व्हायच्या आत."

मी त्याच्या बाहीला धरलं आणि चालायला लागले. अंगणभर वारा सुटला होता, केस तोंडावर येत होते, आणि मी का हसतेय ते मला सांगता येत नव्हतं. तो मागून ओढला जात होता. "अगं, पण विचारू तर दे!"

कार्यालयाच्या खिडकीशी रांग होती. बाईंनी चष्म्यावरून आधी त्याच्याकडे, मग माझ्याकडे पाहिलं आणि पेन उचललं.

"हं. नातं?"

"होणारी बायको," तो एका दमात म्हणाला.

बाईंनी पेन खाली ठेवलं. "सर, तुम्ही व्याकरण शिकवता ना? 'होणारी' कसं म्हणता? ती अजून 'हो' कुठे म्हणालीये?"

रांगेतली सगळी मुलं माझ्याकडे बघायला लागली. तोही बघत होता. एवढे सगळे आवाज काढणारा माणूस, त्याला आता एकही सुचत नव्हता.

"हो," मी म्हणाले. पाहिजे होतं त्यापेक्षा बरंच मोठ्याने.

"छान," बाई म्हणाल्या आणि लिहू लागल्या. "आता जरा बाजूला उभे राहून हसा. मागे रांग आहे."