भिंतीवरची सहावी

मी भिंती रंगवणं का सोडलं, असं तुम्ही विचारलंत, म्हणून सांगते.

गेल्या मे महिन्यात धुळ्याला एक काम मिळालं होतं. बंद पडलेल्या एका जिनिंगच्या, म्हणजे कापसातली सरकी काढायच्या कारखान्याच्या, आवारात कॅफे आणि आर्ट गॅलरी होणार होती, तिची रस्त्याकडची भिंत आम्हाला रंगवायची होती. आम्ही म्हणजे मी आणि धर्मेंद्र, माझा कॉलेजातला मित्र. मोजमाप आणि परांची त्याच्याकडे, चेहरे माझ्याकडे. डिझाइन साधं होतं, कापूस निवडणाऱ्या पाच बाया.

चौथ्या दिवशी भर दुपारी धर्मेंद्र जेवायला गेला. त्या उन्हात रस्त्यावर कुत्रंसुद्धा नव्हतं. मी नळावर तोंड धुऊन आले, तर पाचवीच्या मागे सहावी उभी होती. पाठमोरी. कोळशानं काढलेली, कमरेखाली आलेली वेणी. रेषा इतकी सराईत की मला आधी हेवाच वाटला.

धर्मेंद्रला फोन केला. "सहावी कधी काढलीस?"

"मी?" तो म्हणाला. "सकाळीच पाहिली मी ती. मला वाटलं, तूच..."

मी पांढऱ्या रंगाचा रोलर फिरवून तिला पुसून टाकलं. पुसताना ओल्या सरकीचा वास आला. जिनिंग बंद होऊन वीस वर्षं झाली होती.

दुसऱ्या दिवशी दुपारी भिंतीसमोर एक म्हातारी बसलेली दिसली. भिकुबाई, मागच्या गल्लीतली.

"काल आठे एक बाई व्हती. कोठे गयी?"

"पुसली, अक्का. चुकून काढली गेली होती."

तिनं पुसलेल्या जागेवर तळहात ठेवला. मग हळूहळू सांगू लागली. तिची थोरली बहीण सुगंधा इथं कामाला होती. चाळीस वर्षांपूर्वी भिकुबाई तिची भाकर घेऊन आली होती. सुगंधा अर्धी भाकर टाकून फाटकाबाहेर गेली, ती परतलीच नाही. घरात तिचा एकही फोटो नव्हता.

"तिनी वेणी तशीच व्हती," भिकुबाई म्हणाली. "तोंड काढी दे, बाई. येकदाव देखू दे."

तुम्ही नाही म्हणाला असता? मी परांचीवर चढले आणि पुसलेल्या जागी तिला पुन्हा काढायला घेतलं, या वेळी समोरून. भिकुबाई खालून सांगत होती, नाक बसकं, कपाळ लहान, हनुवटीवर गोंदण. मी ऐकत होते, पण हात ऐकेना. नाक सरळ उतरलं. कपाळ रुंद झालं. गोंदणाच्या जागी बोट नेलं, की कोळसा मोडायचा. सरकीचा वास आता घशात बसत होता. भिंतीच्या आतून काहीतरी घासल्यासारखा आवाज येत होता, माझ्या हाताच्या बरोबरीनं. मी थांबले, की तोही थांबे.

"कोकिळा," खालून धर्मेंद्र अगदी हळू म्हणाला. तो कधी आला होता, कळलंही नाही. "खाली उतर."

डोळे तेवढे राहिले होते. ते मी काढले. थांबता आलं नाही, एवढंच सांगते.

उतरले तेव्हा भिकुबाई उभी होती. पदर तोंडाशी धरलेला.

"हीच का तुमची बहीण?"

तिनं मान हलवली. "हाई मनी बहीन नई शे."

मला वाटलं, माझं चुकलं. "पुन्हा काढते, अक्का. नीट सांगा..."

"पन हिले मी वळखस." तिचा आवाज जेमतेम ऐकू येत होता. "त्या दिवशी फाटकवर हाईच उनी व्हती... मनी बहीनले बलावाले."

धर्मेंद्रनं रोलर उचलला, रंगात बुडवला. भिकुबाईनं त्याचं मनगट धरलं.

"आते पुसीसन काय, भाऊ?" ती भिंतीवरच्या त्या डोळ्यांकडे बघत म्हणाली. "तिनी आपलाले देखी लिधं."