अर्सूचा चेहरा

अर्सूची शिळा तदमोर शहरात आणायची असं बालशमीन देवाच्या देवळात ठरलं आणि त्याच दिवसापासून मूर्तिकार यरहाय धुसफुसत राहिला.

ही शिळा साधीसुधी नव्हती. उंटावर बसलेला अर्सू, वाळवंटातल्या तांड्यांचा राखणदार! मोकीमू गुरुजींनी तो तरुणपणी वायव्येच्या डोंगरातल्या एका कपारीत कोरून बसवला होता. "तसा चेहरा पुन्हा माझ्या हातून उतरला नाही," असं घोकतच म्हातारा गेला. आता देवळाचं नवं महाद्वार उभं राहत होतं. मुख्य पुजाऱ्याने गुरुजींच्या दोन्ही शिष्यांना, यरहायला आणि धाकट्या मलकूला, बोलावलं आणि सांगितलं, "शिळा सोडवून आणा. महाद्वारावरचा गरुड तुमच्यापैकी कोणी कोरायचा, ते त्यानंतर ठरवीन."

"ठरवीन म्हणे!" यरहाय पायऱ्या उतरता उतरता पुटपुटला. ठरवायचं राहिलंच काय होतं? शहरात कोणी श्रीमंत मेला की थडग्यावरच्या मूर्तीसाठी घरची माणसं मलकूचाच पत्ता विचारत यायची. यरहायने कोरलेले दागिने मण्यामण्याने मोजून घ्यावेत इतके रेखीव. पण मलकूने कोरलेल्या बाया आता तोंड उघडतील आणि काहीतरी बोलतील अशा दिसत. यरहाय वयाने मोठा, छन्नी त्याने आधी हातात धरलेली. या पोराला दगडावर पाणी कसं मारायचं तेसुद्धा त्यानेच शिकवलेलं! आणि आता तोच पोरगा "दादा, दादा" करत बाजूने पुढे निघून गेला होता. ते "दादा" यरहायला काट्यासारखं सलायचं.

वाट दाखवायला अकमत मावशी आली. ती उंटवाली विधवा. तिची जीभ तिच्या चाबकाहून लांब.

"दोघं एका सांडणीवर बसा," ती म्हणाली, "दुसरीवर दोर आणि पखाली. तिसरी रिकामी राहील, तुमचा देव यायचाय ना तिच्यावर!"

"मी चालतो," यरहाय म्हणाला.

"चाल बाबा. संध्याकाळी टाचा दाखव मला."

रोमच्या शिपायांची शेवटची चौकी मागे पडली. बुरुजावरून एका लालबुंद, सोललेल्या नाकाच्या शिपायाने हात हलवून काहीतरी विचारलं. मलकू हसून ओरडला, "देव आणायला!" शिपायाला काही कळलं नसावं, पण तोही हसला. मलकूकडे बघून सगळेच हसत. यरहायने तेही मनात नोंदवून ठेवलं.

पुढे दगडगोट्यांचा माळ लागला. क्षितिजापर्यंत करडा, काळपट, कुठे कुठे चुन्याच्या खडकाची पांढरी फीत. ऊन असं की सावलीसुद्धा उंटाच्या पोटाखाली दडावी. मुक्काम पडला की मलकू कोळशाचा तुकडा काढून सपाट दगडावर डोंगर, उंट, मावशीचं नाक असं काहीबाही रेखाटायचा आणि विसरून पुढे जायचा. यरहाय मागे रेंगाळायचा. ती रेघ बघायचा. एवढी सहज! एकही खाडाखोड नाही! मग पायाने तो दगड उलटा करायचा.

पहिल्या विहिरीत मेलेली मेंढी तरंगत होती.

मावशीने वाकून वास घेतला आणि थुंकली. "उंटसुद्धा नाही पिणार. पखाली जपा आता."

दुसऱ्या दिवशी दुपारी पश्चिमेचं आकाश तांबूस झालं. मावशी किंचाळली, "बसवा उंट! तोंडं बांधा!" आणि वादळ आलंच! वाळू नव्हे, बारीक खडेच! अंगावर जणू कोणी मूठमूठ दगड मारत होतं. दोघं एकाच सांडणीच्या कुशीला चिकटून बसले. पखाली लादलेली सांडणी बिथरली, उठली, धडपडली. फट्! मोठी पखाल खडकावर फाटली. यरहाय धावला, पण हाती फक्त ओलं कातडं लागलं.

वारा निवला तेव्हा एक लहान पखाल उरली होती.

"परत फिरायचं?" यरहायने विचारलं.

"मागे मेंढीची विहीर, पुढे कपारीतला झरा," मावशी म्हणाली. "झरा जिवंत असला तर आपण जिवंत."

त्या संध्याकाळी वाटीतलं आपलं अर्धं पाणी मलकूने मावशीपुढे सरकवलं. "मला तहान नाही फारशी." त्याचे ओठ फुटून रक्ताळले होते. यरहायने आपली वाटी आधीच संपवली होती. तो मान खाली घालून कोरडा खजूर चघळत राहिला. चांगुलपणातही हा पुढे!

डोंगर गाठला तेव्हा दिवस बराच वर आला होता. कपार उंचावर दिसत होती, पण चढायची वाट दरडीने खाऊन टाकली होती. उरला होता पाऊलभर रुंदीचा कंगोरा. खाली खोल घळ.

"पलीकडून धनगरांची वाट आहे," मावशी म्हणाली, "पण दिवसभराचा वळसा. पाणी तेवढं पुरायचं नाही."

मलकूने दोर कमरेला बांधला. "दादा, मी हलका आहे. मी जातो. तू धर."

यरहायने दोराचा एक वेढा खडकाच्या सुळक्याला घातला आणि टोक मुठीत घट्ट धरलं. मलकू भिंतीला पोट लावून सरकू लागला. एक पाऊल. आणखी एक. बोटं खाचेत. तो वळून हसला, आणि तेवढ्यात पायाखालचा दगड निखळला!

दोर ताडकन ताणला गेला. यरहाय छातीवर आपटला. तळव्याची सालपटं निघाली. खाली मलकू घळीवर लोंबकळत होता, पाय हवेत, कपाळातून रक्त.

"दादा!"

आणि यरहायच्या मनात एक विचार आला. मोठा नाही, ओरडून आलेला नाही. शेजाऱ्याने दारातून डोकावून विचारावं तसा आला. मूठ उघडली तर? कोणी काही म्हणणार नाही. दोर घासला, तुटला, निसटला. गरुड माझा. घराघरांतून माझा पत्ता विचारतील.

दोर वीतभर सरकला.

मलकूने वर पाहिलं. दोघांची नजर भिडली.

"ओढ मेल्या!" मागून मावशी कडाडली आणि तिने यरहायच्या कमरेला मिठी मारून मागे रेटा दिला. यरहायने दातओठ खाल्ले. ओढलं! पुन्हा ओढलं! खांदे निखळायला आले. अखेर मलकूची बोटं कड्यावर दिसली, मग कोपर, मग रक्ताने माखलेलं तोंड.

मलकू पुन्हा उभा राहिला, पुन्हा त्याच कंगोऱ्यावर गेला, आणि या वेळी पलीकडे पोचला. त्याने दोर बांधला आणि उरलेली दोघं त्याच्या आधाराने पार झाली.

कपारीत गारवा होता. आणि पाणी! खडकातून ठिपकत, हिरव्या शेवाळावरून ओघळत दगडी कुंडात साठलेलं पाणी! तिघांनी ढोरासारखी तोंडं बुडवली.

मग यरहायने डोकं वर केलं. समोर शिळा होती.

उंटाची मान, झुलीच्या गाठी, अर्सूच्या हातातली छोटी गोल ढाल, सगळं गुरुजींच्या हातचं, न चुकता ओळखू येणारं. पण चेहरा नव्हता. कपाळ, नाक, ओठ, सगळं झिजून गुळगुळीत झालं होतं. नदीतल्या गोट्यासारखं. त्यावर तेल आणि लोण्याची काळसर चकाकी.

"फोडला कोणी?" मलकू कुजबुजला.

"फोडलेला नाही," यरहायने बोट फिरवून पाहिलं. "झिजलाय. हात लावून लावून."

त्याला आधी हायसं वाटलं. म्हाताऱ्याचा तो अजोड चेहरा जगात उरलाच नव्हता, मग तुलना कशाशी होणार? मलकू मात्र शिळेच्या कडा तपासत होता. "सोडवता येईल, दादा. मागचा चुना ठिसूळ झालाय. देवळात नेऊ आणि चेहरा नव्याने कोरू."

'कोरू' म्हणजे कोण कोरणार, ते यरहायला विचारायची गरज नव्हती.

मलकूने छन्नी काढली तेवढ्यात पलीकडच्या बाजूने पावलं वाजली. एक धनगरीण वर आली, कडेवर तापाने फणफणलेली मुलगी. माणसं बघून ती थबकली, पण मागे फिरली नाही. तिने बुधल्यातलं दूध शिळेच्या पायाशी ओतलं, मुलीचा तळहात धरून अर्सूच्या नसलेल्या गालावर फिरवला, मग तोच हात मुलीच्या कपाळाला लावला.

"तुम्ही कोण?" तिने विचारलं.

"ज्याने हा देव घडवला, त्याचे शिष्य," मलकू म्हणाला.

बाई हसली. "हा कोणी घडवला नाही रे. हा इथेच होता. माझ्या आजीने माझा हात लावला होता याला." तिची नजर छन्नीवर गेली. "हे कशाला?"

मलकूने छन्नी खाली केली. यरहाय त्या गुळगुळीत गालाकडे बघत राहिला, आणि त्याच्या छातीत जी कळ उठली तिच्यापुढे मलकूबद्दलचा आजवरचा जळफळाट म्हणजे काहीच नव्हता. आपल्या कुठल्या मूर्तीला कोणी असा हात लावलाय? लोक आपले मणी मोजतात आणि पुढे जातात. म्हाताऱ्याने असा चेहरा कोरला की माणसांनी तो हातांनी पिऊन टाकला! आणि वर त्याचं नावसुद्धा उरलं नाही. मेलेल्या माणसाचा इतका हेवा कोणी करतं?

"ठेव ती छन्नी," तो म्हणाला.

"दादा, पुजारी काय म्हणेल?"

"म्हणू दे. इथून हलवला तर तो दगड होईल."

"माझ्या सांडणीवर तर मी हा लादणारच नाही," मावशी म्हणाली, आणि कोणाचं लक्ष नाही असं समजून तिनेही हळूच तो गाल कुरवाळला.

मलकूने थोडा वेळ छन्नी हातात तशीच धरली. मग कमरेला खोचली.

उरलेली पखाल आणि धनगरिणीने दिलेली आणखी एक भरून ते धनगरांच्या वाटेने उतरले. मावशी वळसा घालून पायथ्याशी बांधलेले उंट घेऊन आली. परतीला वारा नव्हता, पाण्याची चिंता नव्हती. चिंता होती ती त्या वीतभर दोराची. तदमोरची खजुरीची राई लांबून दिसू लागली तेव्हा मलकू सांडणीवरून उतरून यरहायच्या बरोबरीने चालू लागला.

"दादा, दोर सरकला तेव्हा काय विचार करत होतास?"

खोटं बोलायला यरहायच्या अंगात त्राण नव्हतं. "सोडून द्यावा असा."

मलकूने एक खडा पायाने उडवला. "दोर माझ्या हातात असता ना," तो म्हणाला, "तर हातभर सरकला असता."

"तुझ्या? तुला कशाचा हेवा?"

"माझे चेहरे चांगले म्हणतात लोक. पण हात? मला हात येत नाहीत. गुरुजी मरेपर्यंत म्हणायचे, 'यरहायची बोटं बघ, नखं बघ.' मी तुझ्या शिळांवरची बोटं चोरून मापलीत, दादा."

यरहायने सोललेले तळवे उलटून आपली बोटं पाहिली. मागून मावशी ओरडली, "अरे कुजबुजता काय? उंटांना पाणी पाजा आधी!"

देवळात पुजाऱ्याने सगळं ऐकून घेतलं. त्याच्या कपाळाची शीर फुगली. "म्हणजे देव धनगरांपाशी ठेवून आलात?"

"मी ठेवला," यरहाय म्हणाला.

"आम्ही ठेवला," मलकू म्हणाला.

"मग गरुडही कोणाकडे ठेवायचा ते मला कळलं! अंतिओखहून कारागीर मागवतो. निघा!"

दोघं पायऱ्या उतरले. ऊन कललं होतं. अर्धवट उभ्या महाद्वारावर पाथरवट टाकीचे घाव घालत होते.

"अंतिओखचा!" कोपऱ्यावर येताच यरहाय फुटला. "तिथले गरुड पाहिलेस का कधी?"

"पाहिलेत ना. लठ्ठ कोंबड्या!"

"पंख तर असे, जणू ओलं कांबळं वाळत घातलंय."

"आणि चोच, दादा, चोच! ती तर त्यांना येतच नाही!"

बऱ्याच वर्षांनी यरहायला मलकूचा शब्दन् शब्द पटत होता.