दोन ते चारचा डाव

“रिकाम्या पलंगाची राखण करत बसल्यात बाई. तिकडे माणसं यादीत ताटकळलीत, त्यांचं काय?”

“गप रे. आई गेलीय त्यांची.”

“चार महिने झाले त्याला.”

जिन्यातल्या त्या दोघांना वाटलं असावं की दार जाड आहे. दार जाड नव्हतं, आणि सूचीताई त्याला टेकूनच उभ्या होत्या. हातात चष्मा, एका पायात चप्पल, श्वास रोखलेला. आजाऱ्यांना पलंग वापरायला देणाऱ्या संस्थेची ही माणसं तिसऱ्यांदा आली होती. घंटी दोनदा वाजली, मग दाराखालून एक चिठ्ठी आत सरकली आणि पावलं खाली उतरली. सूचीताईंनी चिठ्ठी न वाचता फ्रिजवर ठेवली. तिथे आधीच्या दोन होत्या. तिघींची सोबत झाली.

सूचीताई हे काही त्यांचं खरं नाव नव्हे, पण हल्ली त्यांना हाक मारणारं जे कुणी उरलं होतं, ते याच नावाने मारत असे. पुस्तकाच्या शेवटी जी सूची असते, कुठला विषय कितव्या पानावर ते सांगणारी, ती त्या घरी बसून तयार करत. पंचवीस वर्षं हेच काम. अशा कामाने माणसाला एक खोड लागते. जगात जे काही आहे त्याला पान क्रमांक असणारच, शोधला की सापडणारच, असं वाटायला लागतं.

आई तीन वर्षं आतल्या खोलीत अंथरुणाला खिळून होती. एका सकाळी केस विंचरून घेता घेताच गेली. धाकटा भाऊ आला, आठवडाभर राहिला, “ताई, आता जरा स्वतःकडे बघ,” असं सांगून गेला. सूचीताईंनी बघितलं. बघण्यासारखं फारसं काही नव्हतं.

होता तो फोनवरचा दुपारचा ग्रुप.

तो चावीवाल्याने काढला होता. कुलुपं दुरुस्त करण्याचं त्याचं छोटं दुकान होतं. वर माडीवर थोरला भाऊ पडून असतो म्हणून दुपारी तो शटर ओढायचा. शिंपीदादांकडे वडील होते. मास्तरीणबाई शाळेतून निवृत्त झालेल्या, त्यांच्याकडे यजमान. आणि सूचीताईंकडे आई. चौघं एकमेकांना कधी भेटलेले नव्हते, कोण कुठे राहतं हेही कुणी विचारलेलं नव्हतं. ज्याच्या घरी अंथरुणावरचं माणूस आहे त्यानेच यायचं, हा नियम. दुखण्याच्या गप्पा नाहीत, फुलांची चित्रं नाहीत, फोन नाही आणि आवाजी संदेश तर नाहीच नाही, कारण दोन ते चार ही घरोघरी आजाऱ्याला डोळा लागण्याची वेळ. बोटांनी लिहायचं. घरात चिमणीलाही कळता कामा नये.

पण लिहायचं तरी काय, रोज? म्हणून चावीवाल्याने खेळ खेळवणारा बॉट, म्हणजे ग्रुपमध्ये आपोआप संदेश लिहिणारं यंत्र, आणायचं ठरवलं. पहिला आणला तो सामान्यज्ञानाचे प्रश्न विचारायचा आणि चुकलं की रडक्या तोंडाची पाच पाच चित्रं टाकायचा. मास्तरीणबाईंनी लिहिलं, चाळीस वर्षं मुलांना हेच करू नका म्हणून सांगितलं, आता यंत्राकडून करून घेऊ का? दुसरा चित्रं काढायला लावायचा. शिंपीदादांनी काढलेला हत्ती सगळ्यांना इस्त्री वाटला. तिसरा मात्र रुजला. चावीवाल्याने दुवा दाबला, ग्रुपमध्ये घेऊ का म्हणून विचारणा आली, परवानग्यांची यादी आली. संदेश वाचणे, संदेश पाठवणे, सभासदांची नावं पाहणे. तेवढंच. माइक नाही, कॅमेरा नाही. सूचीताईंनी ती यादी दोनदा वाचली होती. वाचणं हा त्यांचा धंदाच.

त्याचं नाव पंच ठेवलं. पंचाने एक वस्तू मनात धरायची, चौघांनी पाळीपाळीने एकेक प्रश्न विचारायचा, पंचाने हो किंवा नाही एवढंच सांगायचं. बाकी त्याला काही येत नसे. चावीवाल्याने एकच सोय त्याच्यात स्वतःच्या हाताने घातली. मधेच कुणाच्या आजाऱ्याला जाग आली तर त्याने ‘जाग’ असं लिहायचं. पंच जाहीर करायचा, “शिंपीदादांकडे जाग आली. डाव थांबला.” मग सगळे थांबत. काम आटोपलं की ‘झोप’ लिहायचं. “झोप लागली. डाव पुढे चालू.” एकदा मास्तरीणबाईंना चाळीस मिनिटं लागली होती. कुणी चकार शब्द काढला नाही. अख्ख्या जगात सूचीताईंना उशीर झाला तरी कुणी कुरकुरत नाही, अशी ती एकच जागा होती.

आई गेल्यावर त्या चार दिवस तिकडे फिरकल्या नाहीत. पाचव्या दिवशी सांगून टाकायचं म्हणून फोन उघडला, तर पंचाने लिहिलेलं होतं, “सूचीताई, तुमची पाळी.” सांगितलं तर नियमाप्रमाणे बाहेर पडावं लागणार. घड्याळात दोन वाजून पाच मिनिटं झाली होती आणि चार वाजायला सगळी दुपार पडली होती. त्यांनी विचारलं, “वस्तू लाकडाची आहे का?”

एक खोटं बोललं की त्याची चाकरी करावी लागते. त्यांच्याकडे जागच येत नाही हे कुणाच्या लक्षात यायला नको, म्हणून त्या अधूनमधून ‘जाग’ लिहू लागल्या. स्वयंपाकघरातल्या स्टुलावर बसून घड्याळ बघायचं. पाणी पाजायला सात मिनिटं. कूस बदलायला बारा. चादर बदलायची म्हणजे बावीस. मग ‘झोप’. सूचीच करायची तर त्यांनी तीही नेमकी केली होती.

दीडेक महिन्यापूर्वी एका मंगळवारी शिंपीदादांनी नुकतंच विचारलं होतं, वस्तू खिशात मावते का. पंचाचं उत्तर यायच्या आधी ओळ उमटली.

“सूचीताईंकडे जाग आली. डाव थांबला.”

सूचीताईंनी काही लिहिलेलं नव्हतं. त्यांनी बोटाने पडदा वर सरकवून पाहिला, खाली सरकवून पाहिला. बाकीचे तिघे नेहमीच्या अदबीने थांबले होते. आता मी लिहिलंच नाही म्हणावं, तर मग जाग आली नाही का, असं कुणी विचारेल. त्या घड्याळ बघत बसल्या. सात मिनिटांनी पंचाने आपणहून लिहिलं, “झोप लागली. डाव पुढे चालू.” शिंपीदादा म्हणाले, बरं झालं.

यंत्राला माझी सवय कळली असेल, असं त्यांनी स्वतःला समजावलं आणि चावीवाल्याला वेगळं लिहून विचारलं, पंच स्वतःच्या मनाने डाव थांबवू शकतो का. “नाही हो. त्याला तेवढी अक्कल नाही.” त्याच्या खाली अजून एक ओळ आली, “तुमच्याकडेही झालं का?” आणि त्यांनी ती धड वाचेपर्यंत त्याने ती पुसून टाकली.

त्यांनी वही केली. तारीख, वेळ, किती मिनिटं. सात. सात. बारा. सात. बावीस. तीन आठवड्यांत यांखेरीज दुसरा आकडा आला नाही. यंत्राने त्यांचेच आकडे उचलले असतील, हे पटण्यासारखं होतं, आणि त्या पटवून घेत होत्या. पण एका बुधवारी सतरा मिनिटं झाली. सतरा त्यांनी कधीच लिहिली नव्हती. सतरा मिनिटं केसांना लागत. विंचरणं, तेल, सैल वेणी. केसांचं काम सकाळचं, त्यामुळे दुपारच्या खोट्यात ते कधी आलंच नव्हतं.

त्यानंतर जाग आली तेव्हा त्या उठून आतल्या खोलीपर्यंत गेल्या.

लोखंडी पलंग, डोक्याकडची बाजू वर करायचा दांडा, निळसर हवेची गादी, तिच्यावर पांढरी चादर. गादीचा पंप त्यांनी त्याच दिवशी बंद केला होता. पडदा अर्धा ओढलेला. काही नव्हतं. फक्त, आपण आत गेलो की बोलणारे एकदम गप्प होतात ना, तसली शांतता होती. त्या उंबऱ्यावरच थांबल्या. हातात फोन थरथरला. झोप लागली.

दुसऱ्या दिवशी त्या आत जाऊन खुर्चीत बसल्या. तिसऱ्या दिवशी पाण्याचा पेला घेऊन गेल्या आणि स्वतःलाच हसल्या. पेला तसाच परत आणला. मग कधीतरी त्यांच्या लक्षात आलं की आपण डावात लक्ष घालत नाही, आपण जाग येण्याची वाट बघतो. सकाळी पुस्तकाची पानं भराभर उरकतो, दीड वाजता तोंडावर पाणी मारतो, साडी नीट करतो.

गादीतली हवा उतरल्यामुळे चादरीत एक खळगा पडला होता. तो मधोमध होता, हे त्यांना पक्कं माहीत होतं. असल्या गोष्टी त्यांच्या डोळ्यांतून सुटत नसत. एकदा बारा मिनिटांची जाग आली तेव्हा त्या बसल्या होत्या आणि खळगा भिंतीच्या बाजूला होता. लांबट, अरुंद. डाव्या कुशीचा.

सूचीताईंनी उठून पाठीशी उशी सरकवली. हाताची सवय, दुसरं काय.

“झोप लागली,” पंचाने लिहिलं. त्या दुपारी त्यांनी खोलीचं दार लोटून घेतलं ते आवाज न करता.

ग्रुपवर आता सगळ्यांकडेच जाग येण्याचं प्रमाण वाढलं होतं. दोन तासांत चार प्रश्नही होत नसत. कुणी तक्रार करत नव्हतं. कुणी काही विचारतही नव्हतं. शिंपीदादांचे विनोद आटले, मास्तरीणबाई शुद्धलेखन सुधारेनाशा झाल्या. अशाच एका दुपारी, पंचाने धरलेली वस्तू घरात असते, हलते, तिला वजन आहे, एवढं कळलेलं होतं. सूचीताईंची पाळी होती. त्यांनी लिहिलं, “सजीव आहे का?”

हो किंवा नाही. पंचाला दोनच उत्तरं येत होती.

“सूचीताईंकडे जाग आली. शिंपीदादांकडे जाग आली. चावीवाल्यांकडे जाग आली. मास्तरीणबाईंकडे जाग आली. डाव थांबला.”

चार वाजेपर्यंत एक अक्षर कुणी लिहिलं नाही. सूचीताई आत खुर्चीत बसून होत्या, आणि आपल्यासारख्याच आणखी तीन खुर्च्या तीन घरांत पलंगांशेजारी ओढलेल्या त्यांना डोळ्यांपुढे स्वच्छ दिसत होत्या.

संध्याकाळी त्यांनी चावीवाल्याला लिहिलं, पंचाला ग्रुपमधून काढता येईल का?

“येईल की. एक बटण दाबायचं. तिघांचंही आत्तापर्यंत त्याच्याबद्दल विचारून झालंय, ताई. काढ म्हणून कुणीच म्हणालं नाही. तुम्ही म्हणताय का?”

सूचीताईंनी आतल्या खोलीच्या दाराकडे पाहिलं. मग लिहिलं, “राहू दे.”

पुढच्या सोमवारी मास्तरीणबाईंकडे जाग आली आणि झोप लागलीच नाही.

मंगळवारी डाव थांबलेलाच होता. बुधवारीही. मास्तरीणबाईंनी संदेश वाचल्याची खूण उमटत नव्हती. त्यांचा पत्ता कुणाकडे नव्हता, खरं नावसुद्धा नव्हतं. शिंपीदादांनी लिहिलं, येतील, लागतो वेळ एखाद्याला. चावीवाल्याने नुसतं जोडलेल्या हातांचं चित्र टाकलं. त्यापुढे काही लिहायचं तर काय झालं असेल ते लिहावं लागणार, आणि ते लिहायचं तर आपल्या घरी काय होतंय तेही. तिघेही हे जाणून होते.

गुरुवारी दोन वाजता सूचीताई खुर्चीत बसल्या. कुठल्यातरी घरात एक म्हातारी बाई अशीच चार दिवस बसून असेल, न जेवता, न झोपता, कारण पंचाने उठायला सांगितलेलं नाही. आणि तिथे कुणी नाही, उठा, असं तिला सांगायचं तर ही दुपार जाणार. हा ग्रुप जाणार. आणि पलंगावर आता जे काही होतं, तेही.

त्यांनी माइकचं चिन्ह दाबून धरलं. पहिल्यांदाच.

“मी सूचीताई बोलतेय. माझी आई गेली. पाच महिने होतील आता. माझ्याकडे जाग यायला कुणी नाही. मास्तरीणबाई, ऐकताय ना? उठा तुम्ही तिथून. दार उघडा, शेजारी कुणाला तरी हाक मारा.”

संदेश गेला. अडतीस सेकंद.



मग शिंपीदादांचा आवाज आला. इतके दिवस त्यांना वाटलं होतं, जाडजूड माणूस असेल. आवाज बारीक होता, चिरकत होता. “माझे वडील दीड वर्षापूर्वी गेले.”

मग चावीवाला. “भाऊ गेला त्याच्यानंतर काढला मी ग्रुप. दुपार जात नव्हती.”

खोलीत पडदा हलत नव्हता. सूचीताई पलंगाकडे बघत नव्हत्या.

मास्तरीणबाईंच्या नावापुढे खूण उमटली. वाचलं. ऐकलं. त्या लिहीत होत्या, थांबत होत्या, पुन्हा लिहीत होत्या. मग लिहिलेलं काहीच आलं नाही. आला तो आवाज, अगदी दबका, वर्गात पेपर चालू असताना बोलावं तसा.

“गेलेच होते हो, सगळ्यांचेच गेले होते. आता आलेत ना? मग जरा हळू बोला.”